काश्यप गोत्राचं गाव

काशीत, दूधविनायकाच्या गल्लीत, पुराणिकसरांच्या माडीवर मी भाड्याने राहायला गेले, त्या संध्याकाळी काकूंनी मला खाली जेवायला बोलावलं. आमटी, भात, वांग्याची भाजी. पान वाढताना काकू म्हणाल्या, "तुमच्या येण्याचं काही गोड करणार होते हो, पण हे नको म्हणाले. गावात गमी झाली आहे."

मी बँकेतली बाई, मिरजेहून बदलीवर आलेली. मला वाटलं, सरांचं मूळ गाव कोकणात नाहीतर वाईकडे असेल, तिथलं कुणी गेलं असेल. चेहरा जमेल तेवढा लांब करून मी विचारलं, "कोण गेलं?"

"लोहार," सर म्हणाले. ते ताट हातात घेऊन उभ्यानेच जेवत होते, खिडकीपासून देव्हाऱ्यापर्यंत आणि परत. "म्हणजे लोहाराचा मुलगा. लोहारकी त्याने कधी केली नाही, ट्रॅक्टर दुरुस्त करायचा. पण गावात म्हणायचे लोहारच. आल्फ्रेड."

माझा घास हातातच राहिला. "कुठलं गाव तुमचं?"

"ऑल्डरकोट. इंग्लंडच्या पश्चिमेला. दोन टेकड्यांच्या मधे आहे. नदी आहे, पण इथल्या माणसाने तिला नदी म्हणू नये."

काकूंनी मला भात वाढला. "यांनी विलायत पाहिलेली नाही बरं का. पुण्याच्या पलीकडे कधी गेले नाहीत. पण यांचं गाव तेच. तुम्हाला होईल आदत."

सवय व्हायला मला वर्ष लागलं. सर तेव्हा ऐंशीला टेकलेले होते. कॉलेजात इतिहास शिकवून निवृत्त झालेले, अंगाने काटकुळे, डोक्यावर पांढरे केस ताठ उभे. त्यांचे केससुद्धा बसत नसत. चहाचा पहिला घोट स्वयंपाकघरात आणि शेवटचा गच्चीवर. कोथिंबीर आणायला बाहेर पडायचे आणि तीन घरं फिरून कोथिंबीर न आणता परत यायचे. समोरचा बोलत असला की मधेच "बरं, मग?" म्हणून त्याला पुढे ढकलायचे, आणि तो पुढे गेला की स्वतः दुसऱ्याच खोलीत निघून जायचे. सुरुवातीला मला या माणसाचा राग यायचा. मी दिवसभर काउंटरवर कटकट ऐकून आलेली असायची, आणि खाली यांच्या चपला फटक फटक चालूच. एकदा मी वरूनच ओरडले, "सर, जरा बसा हो!" खालून उत्तर आलं, "बसून काय होणार आहे?"

ऑल्डरकोट त्यांच्या घरात आलं ते मार्गारेटमुळे. सर नुकते कॉलेजात लागले होते तेव्हाची गोष्ट. ही इंग्रज मुलगी काशीला संस्कृत शिकायला आली. ब्रह्माघाटावरचे एक शास्त्री तिला ओसरीवर बसवून शिकवायला कसेबसे तयार झाले, पण राहायला जागा कुणी देईना. सरांच्या आईने दिली. आईला वाटलं, चार दिवस राहील. ती चार वर्षं राहिली. मराठी शिकली, तीही बनारसची. साडी नेसायची, एकादशी करायची, आणि संध्याकाळी आईसोबत भाजी निवडत बसायची.

भाजी निवडताना दोन बायका काय बोलणार? आपापल्या गावच्या भानगडी. मार्गारेटचे वडील ऑल्डरकोटचे पोस्टमास्तर होते, त्यामुळे तिच्याकडे मालाची कमी नव्हती. कुणाची गाय कुणाच्या कुरणात शिरली. चर्चची घंटा वाजवणाऱ्या मंडळींत कुणाचं कुणाशी पटत नाही, म्हणून दर रविवारी घंटेचा ताल कसा बिघडतो. गावच्या जत्रेत मुरंब्याची स्पर्धा असायची, त्यात डोरोथी नावाच्या विधवेने सतत पहिलं बक्षीस मारलं, आणि मग शेजारणीने सगळ्यांसमोर सांगितलं की हिने बाटलीतला मुरंबा शहरातून आणला आहे. सरांच्या आईने या प्रकरणात फार मन घातलं होतं म्हणे. त्यांचं मत असं पडलं, की डोरोथीने मुरंबा घरीच केला असणार, कारण चोरटी बाई सतत पहिली येत नाही, मधे एखादं वर्ष मुद्दाम दुसरी येते.

वडील वारले तेव्हा मार्गारेट परत गेली आणि गावचं पोस्ट चालवू लागली. लग्न केलं नाही. पण महिन्याला पत्र येत राहिलं, आणि सर ते आईला मराठीत वाचून दाखवत. आईला दूधविनायकापेक्षा ऑल्डरकोटची खबर जास्त असायची. सरांना तर त्या गावाचं वेडच लागलं. एखाद्या घराण्याचं नाव आलं की ते घराणं कुठून आलं, कुरण सगळ्यांच्या मालकीचं होतं ते कुंपणात कधी गेलं, गिरणी कुणी बांधली, हे सगळं ते खणत बसले. कॉलेजात मोगल आणि मराठे शिकवायचे, घरी येऊन ऑल्डरकोटची शेतं मोजायचे.

"गाव म्हणजे काय, सांगा बघू मॅनेजरबाई," ते मला विचारायचे. मी काही उत्तर दिलं की "बरं, मग?" शेवटी स्वतःच सांगायचे. "कोण गेलं ते ज्यांना एकमेकांकडून कळतं, ते गाव. बाकी सगळी नुसती वस्ती."

आता मुख्य गोष्ट. मार्गारेटचे वडील गेल्याची तार आली, ते दिवस पितृपक्षाचे होते. ती ब्रह्माघाटावर रडत उभी होती. आजूबाजूला माणसं तीळपाणी सोडत होती. तिने सरांच्या आईला विचारलं, माझ्या वडिलांना कोण देणार? मला देता येतं का? आईने भटजींना विचारलं. भटजी म्हणाले, पुराणिकांचा मुलगा देईल, आप्त म्हणून देता येतं. गोत्र माहीत नसलं की काश्यप धरायचं, शास्त्राने सगळ्यांची सोय केलेली आहे. सरांनी पाणी सोडलं. मार्गारेटने डोळे पुसले आणि हसून आईला म्हणाली, "आणि मी मेले की?" आई म्हणाली, "तुलाही हाच देईल. त्यात काय."

एवढंच झालं. पण सरांच्या आई शब्दाच्या पक्क्या होत्या. स्वतः जाताना त्यांनी सरांना जवळ बोलावलं आणि घराचं, दागिन्यांचं काही न बोलता सांगितलं, "मार्गारेटचं पाणी तू द्यायचंस. तिला कुणी नाही."

पोस्टमास्तरांपासून सुरू झालेली ती रांग वाढत गेली. ऑल्डरकोटमधलं कुणी निपुत्रिक गेलं की सर त्याला आपल्या यादीत घ्यायचे. सर्वपित्री अमावस्येला आधी पुराणिकांचे शांडिल्य गोत्राचे पितर, मग आजोळचे, आणि सगळ्यात शेवटी ऑल्डरकोट. मी एकदा हौसेने बघायला गेले होते. नारायणभट म्हणून त्यांचे भटजी, सरांहून वीस वर्षांनी लहान, खणखणीत आवाजाचे. ते विनोद म्हणून नव्हे, अगदी कामाच्या गांभीर्याने म्हणत होते, "काश्यपगोत्रम् आल्फ्रेडम्, तर्पयामि. काश्यपगोत्राम् डोरोथीम्, तर्पयामि." शेजारच्या पायरीवर श्राद्धाला बसलेले एक पाटण्याचे गृहस्थ आपलं तर्पण विसरून इकडेच बघत राहिले.

डोरोथीनंतर सर थांबले. ओंजळीत पाणी घेतलं आणि नुसते उभे राहिले. बोटांच्या फटीतून पाणी गळून गेलं. परत घेतलं, परत गळलं.

"सर, बोला नाव," नारायणभट हळूच म्हणाले.

"नाही. नको. पुढे चला."

घाट चढताना मला सगळं कळलं. ऑल्डरकोटचं पोस्ट बंद झालं, मार्गारेटने ते घर सोडलं, आणि पत्रं थांबली. ती कुठे गेली, आहे की नाही, कुणालाच ठाऊक नव्हतं. बारा वर्षांच्या वर झाली होती. "शास्त्र स्पष्ट आहे सर," नारायणभट म्हणत होते, "बारा वर्षं माणसाची खबर नाही, तर गेलं म्हणून धरायचं. तुम्ही सोडून टाका पाणी. तुमच्याही डोक्याला शांती."

"शास्त्राला तिचा स्वभाव माहीत नाही," सर म्हणाले. "ती आळशी आहे पत्राच्या बाबतीत. जित्या माणसाला तीळपाणी दिलं तर? आई मला वर गेल्यावर उभं करणार नाही."

"आणि गेली असेल तर?"

सर पायऱ्या दोन-दोन करून चढायला लागले. मला त्या दिवशी प्रथम कळलं की ही चपलांची फटफट कसली आहे. बाई मेली असेल तर ती तहानलेली आहे, आणि जिवंत असेल तर पाणी देणं पाप आहे. या दोन्हींच्या मधे हा माणूस चालत होता.

दूधविनायक मात्र त्यांच्या पायाखालून सरकत चाललं होतं, आणि ते त्यांना दिसत नव्हतं. गल्लीतली मराठी घरं एकेक करून पुण्याला, बंगळुरूला जात होती. मागे राहिलेल्या घरांना रंग लागत होता, दारावर होमस्टेच्या पाट्या लागत होत्या, आणि उंबऱ्यावर परदेशी बूट दिसत होते. एक दिवस काकू मंदिरातून आल्या त्या धापा टाकतच. "अहो, फाटक गेले. तीन दिवस झाले."

फाटक म्हणजे सरांचे शाळेतले सोबती. चार घरं सोडून राहायचे.

"तीन दिवस? आणि आपल्याला आज?"

"मुलगा आला, हरिश्चंद्र घाटावर नेऊन अग्नी दिला, कुलूप लावलं, गेला. सांगणार कोण? दोन्ही बाजूंना गेस्ट हाऊस." काकूंनी पिशवी खाली ठेवली. त्यांचं बोलणं एरवी मऊ, पण त्या दिवशी त्यांनी नेम धरून मारलं. "ऑल्डरकोटचा लोहार गेला ते आपल्याला इंटरनेटवर दुसऱ्या दिवशी कळलं. तुमच्या हिशेबाने आपण आता गाव नाही. वस्ती."

सर जेवले नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी बघते, तर हे हातात काठी घेऊन तयार. ऑल्डरकोटात म्हणे वर्षातून एकदा सगळं गाव मिळून शिवेभोवती चालतं आणि शिवेच्या प्रत्येक दगडावर काठीने ठोकतं, म्हणजे आपलं गाव कुठवर आहे ते मुलाबाळांच्या लक्षात राहतं. सरांनी ठरवलं, आपणही करायचं. कुठे किती मराठी माणसं उरली आहेत ते आपल्या पायांनी बघायचं.

जेठ महिन्याचं ऊन होतं. रविवार होता म्हणून मीही मागे गेले, म्हातारा कुठे पडला तर उचलायला असावं म्हणून. सर दूधविनायकाच्या कोपऱ्यावर काठी ठोकत, दार उघडं असेल तिथे डोकावत, नाव विचारत, आणि पुढच्या कोपऱ्यावर परत ठोकत. ब्रह्माघाटाच्या वळणावर पानवाल्याने विचारलं, "का मास्टर साहब, नापी होत हौ का?"

"हां, सीमा देख रहे हैं," सर म्हणाले आणि ठोकून पुढे गेले.

झालं. काशीत त्या दिवसांत गल्ल्या रुंद करण्याची भीती प्रत्येकाच्या पोटात होती. मोजणीचं नाव निघालं की लोकांची झोप उडायची. आम्ही घरी पोचायच्या आधी बातमी घरी पोचली होती, की मास्टरसाहेबांना सरकारने मोजणीला लावलं आहे आणि जिथे जिथे काठी ठोकली तिथवर पाडणार आहेत. ओट्यावर पन्नास माणसं. साडीवाले, दूधवाले, होमस्टेवाले, आणि त्यांच्यात सरांनी वर्षानुवर्षं न पाहिलेली मराठी तोंडं. एक म्हातारी तर सरांना नावाने हाक मारून अंगणातून ओरडत होती, "वसंता, माझ्या दारावर दोनदा ठोकलंस! दोनदा का?"

सरांनी समजावून सांगायचा प्रयत्न केला. इंग्लंड, शीव, दगड. कुणाला काही कळेना. शेवटी काकू बाहेर आल्या आणि हिंदीत म्हणाल्या, "कुछ नहीं गिरेगा. ये ऐसे ही घूमते हैं. जाइए." लोक लगेच गेले. ती म्हातारी आणि आणखी चार-पाच मराठी माणसं मात्र चहाला थांबली. कोण कुठे असतं, कुणाचं काय झालं, ते बोलत दोन तास बसली. सर अर्थातच उभे होते.

त्यानंतर थोड्याच दिवसांनी ऑल्डरकोटने सरांना हाक मारली. गावाचं एक पत्रक इंटरनेटवर यायचं, कोण गेलं ते त्यातच लगेच कळायचं, आणि सर त्यातल्या चुका काढून पाठवायचे. गिरणीमालकाचं नाव चुकलं आहे, पूल त्या सालचा नाही, असं. तिकडच्या कमिटीला वाटत होतं, हा कुणी गावचाच म्हातारा परदेशात जाऊन राहिला आहे. आता त्यांना गावातल्या जुन्या घरांवर इतिहासाच्या पाट्या लावायच्या होत्या, आणि माहिती कुणालाच नव्हती. त्यांनी व्हिडिओवर बोलायची वेळ मागितली. माझ्या लॅपटॉपवर ते जुळवून द्यायचं काम माझ्याकडे आलं.

सरांनी त्या दिवशी इस्त्रीचा सदरा घातला. पडद्यावर गावचा हॉल दिसला, लाकडी छप्पर, मागे चहाची किटली, आणि स्वेटर घातलेली सहा माणसं. अध्यक्षबाई निवृत्त डेंटिस्ट होत्या, लंडनहून येऊन तिथे घर घेतलेल्या. सरांनी प्रत्येकाला विचारलं, तुमचं घर कोणतं. त्यांनी घराचं नाव सांगितलं की सर तिथे कोण राहत होतं ते सांगायचे. तुमच्या स्वयंपाकघरात बाळंतपणं व्हायची, ती खोली सगळ्या बायकांची होती. तुमच्या मागे जी वाट आहे तिच्यावरून शवपेटी नेत, तिला कुंपण घालू नका. एका गृहस्थाने कुंपण घातलेलं होतं, तो लाल झाला. मग सरांनी विचारलं, "तुमच्यापैकी गावात जन्मलेलं कोण आहे?"

कुणीच नव्हतं. सहाही जण गेल्या दहा-पंधरा वर्षांत आलेले होते. जन्मलेले कुठे गेले, ते त्यांना माहीत नव्हतं.

सर पडद्यासमोरून निघाले, खिडकीपर्यंत गेले आणि परत आले. मग ते म्हणाले, "पोस्टातली मार्गारेट कुठे आहे, तेवढं मला शोधून द्या. पाट्यांचं सगळं मी लिहून देतो." त्यांच्या इंग्रजीत त्यांनी हे असं सांगितलं की डेंटिस्टबाईंनी लगेच चष्मा काढला आणि म्हणाल्या, शोधते.

त्यांनी शोधलं, हे मला त्या बाईंचं फार मोठं वाटतं. महिनाभराने फोन आला. मार्गारेट जिवंत होती. समुद्राकाठच्या एका गावी वृद्धाश्रमात. कुणाला ओळखत नाही. नर्सशी कुठल्यातरी परक्या भाषेत बोलते, ते कुणाला समजत नाही. बोलायचं असेल तर नर्स फोन कानाला धरील.

त्या दुपारी घरात आम्ही तिघंच होतो. फोन स्पीकरवर होता. सर म्हणाले, "मार्गारेट, मी वसंत. बनारस." तिकडून नुसता श्वास ऐकू येत होता. सरांनी परत सांगितलं, दूधविनायक, ब्रह्माघाट, शास्त्रीबुवा. काही नाही. नर्स काहीतरी बोलून फोन बंद करणार, एवढ्यात तिकडून एक बारीक, थकलेला आवाज आला. मराठीत. "आई जेवल्या?"

सरांच्या आईला जाऊन पंचवीस वर्षं झाली होती. सर एका जागी उभे होते, खुर्चीची पाठ धरून. "जेवल्या," ते म्हणाले. "आत्ताच जेवल्या. तू जेव."

"हो," ती म्हणाली. मग फोन बंद झाला.

काकूंनी पदर तोंडाला लावला होता. आता हा माणूस शांत होईल असं मला वाटलं, इतक्या वर्षांची टोचणी संपली. सरांनी दोन फेऱ्या मारल्या आणि आमच्याकडे बघून म्हणाले, "म्हणजे आता मला मरता येणार नाही."

ते अगदी खरं होतं. त्यांचं हृदय अर्धं काम करत होतं, डॉक्टरांनी आधीच सांगितलेलं. दवाई वेळेवर घेतील तर ते पुराणिकसर कसले. पण त्या दिवसापासून सर गोळ्यांचे डबे मांडून घेऊ लागले. मीठ सोडलं. गच्चीवर श्वासाचे व्यायाम सुरू झाले. काकू म्हणायच्या, "चाळीस वर्षं मी सांगते आहे, ऐकलं नाही. एक फोन आला आणि नवरदेव सुधारले. मी आधी गेले तर माझं पाणी विसरतील हे, तिचं नाही विसरणार." बोलायच्या असं, पण गोळ्यांच्या वेळा त्याच सांभाळायच्या.

दोन वर्षांनी, श्रावणात, डेंटिस्टबाईंचा निरोप आला. मार्गारेट झोपेत गेली.

सर त्याच पावली नारायणभटांकडे गेले. पितृपक्ष महिन्यावर आला होता. आणि नारायणभटांनी मान हलवली. "या वर्षी नाही सर. वर्ष पुरं व्हायला हवं. पुढल्या सर्वपित्रीला."

"पुढल्या वर्षी मी नसलो तर?"

"तर मी देईन."

"तू नाही. मी," सर म्हणाले, आणि चिडून परत आले.

ते वर्ष घरात फार वाईट गेलं. दोनदा दवाखाना झाला. थंडीत सरांच्या पायावर सूज आली, बोलताना दम लागू लागला, तरी फेऱ्या चालूच, फक्त आता भिंतीला हात लावून. रात्री खालून खोकला ऐकू आला की मी वर जागी व्हायची आणि पुन्हा आवाज येईपर्यंत जागीच राहायची. मलाही आता ती अमावस्या गाठायची घाई झाली होती. माझी बदली नागपूरला झालेली होती, मी एक महिना वाढवून मागितला आणि साहेबाला कारण खोटं सांगितलं.

अमावस्येला गंगा चढलेली होती. ब्रह्माघाटाच्या खालच्या सगळ्या पायऱ्या पाण्यात, वरच्या पायऱ्यांवर माणसांची दाटी, पाणी गढूळ आणि जोरात. काकूंच्या गुडघ्यांना पायऱ्या झेपत नव्हत्या. त्या मला म्हणाल्या, "तुम्ही जा हो बरोबर. माझं ते ऐकत नाहीत, तुमच्या बँकेला थोडं घाबरतात." मी सरांचा दंड धरून त्यांना पाण्याजवळच्या पायरीवर आणलं. नारायणभटांनी पाट मांडला. सर बसले नाहीत. पाण्यात पाय घालून उभे राहिले, आणि मी मागून त्यांच्या सदऱ्याचं टोक घट्ट धरून ठेवलं.

नारायणभट भरभर म्हणू लागले. वडील, आजोबा, पणजोबा. आई, आजी, पणजी. सर ओंजळ भरत होते, सोडत होते. मग काका, मामा. मला घाई झाली होती, ऑल्डरकोट अगदी शेवटी येणार, तोवर यांचा दम पुरेल की नाही. तर्पणात एकेका नात्याची जागा ठरलेली असते. ज्या नात्याचं कुणी नाही ती जागा भटजी सोडून पुढे जातात. सर एकुलते एक. भावाबहिणीच्या जागी नारायणभट वर्षानुवर्षं श्वाससुद्धा घेत नसत. त्या दिवशीही ते तसेच पुढे आत्यावर गेले.

"थांब," सर म्हणाले. "बहीण राहिली."

नारायणभटांनी वर पाहिलं. "तुम्हाला बहीण नाही सर."

"आहे."

पाणी सरांच्या पोटऱ्यांना धडका देत होतं. नारायणभटांना समजलं. तरी त्यांनी पद्धतीप्रमाणे विचारलं, "नाव?"

"मार्गारेट."

"काश्यप ना?"

"काश्यप कसं?" सरांना दम लागला होता, पण आवाज वर्गातला होता. "लग्न कुठे झालं होतं तिचं? मुलीचं लग्न झालं नाही तर गोत्र माहेरचं राहतं. शांडिल्य म्हण."

नारायणभटांनी गळा साफ केला आणि म्हटलं. सरांनी ओंजळ भरली, आणि या वेळी बोटं इतकी घट्ट मिटली होती की थेंब गळला नाही.